हसन, तुझा मुखवट्यांचा नाच

हसन, तुला मातीत ठेवून आज अकरा दिवस झाले. या अकरा दिवसांत कॅम्पातल्या प्रत्येकाने तुझ्याबद्दल काही ना काही चांगलं बोलून घेतलं. मेसच्या आचाऱ्यानेसुद्धा, ज्याच्या डाळीला तू सहा वर्षं नावं ठेवलीस. मी तेवढा गप्प आहे. माणूस गेला की त्याचा संत करायची आपल्याकडे भारी घाई असते, आणि तू संत नव्हतास हे माझ्याइतकं कुणाला ठाऊक नाही. एका खोलीत सहा वर्षं काढली आपण. तू माझा टॉवेल वापरायचास, पत्त्यांत लबाडी करायचास आणि तोंड वर करून खोटं बोलायचास. दोन वर्षांतून एकदा बायकोला भेटून यायचास आणि आल्यावर तिच्यापेक्षा विमानातल्या जेवणाबद्दल जास्त बोलायचास.

तरी लिहायला बसलोय, कारण जे सांगायचंय ते तुलाच सांगता येईल. दुसऱ्या कुणाला सांगायची माझी छाती नाही.

त्यातलं पहिलं आधीच सांगून टाकतो. लढाई सुरू झाली तेव्हा तुला घरी जायचं होतं. आपल्या कामाच्या गँगमधून दोन माणसांना पाठवायचं ठरलं, आणि त्या यादीत तुझं नाव होतं. ते मी खोडलं. तुला हे माहीत होतं, हेही मला माहीत आहे. आपण दोघं त्यावर उघड काही बोललो नाही.

इथे रास तनुऱ्याच्या रिफायनरीवर येण्याआधी पाच वर्षं तू भूतानमध्ये होतास, डोंगर पोखरून वीज काढायच्या कामावर. काम हेच, रिगरचं. जड पाइप साखळीला अडकवायचे, वर चढवायचे, जागेवर बसवायचे. आम्ही बाकीचे कोकणातून सरळ अरबस्तानात उतरलो. तू मधे हिमालय करून आलास आणि तो आम्हाला एक दिवस विसरू दिला नाहीस. तिथे आभाळ गडगडलं की लोक म्हणतात, द्रुक ओरडला. द्रुक म्हणजे ढगात राहणारा मोठा थोरला सर्प, त्या देशाच्या झेंड्यावर तोच असतो. तिथे कुदळ मारण्याआधी जमिनीखालच्या नागांना दूध देतात, नाही दिलं तर अंगावर फोड उठतात. तिथल्या तळ्यांत त्सोमेन राहते, वर बाई आणि खाली सापीण. तळ्याकाठी कुणी आरडाओरडा केला की ती धुकं सोडते आणि माणूस वाट चुकून मरतो. आणि मिगोई. अंगभर केस, उंची दीड माणूस, पावलं उलटी. माग काढणाऱ्याला वाटतं तो लांब चाललाय, आणि तो येत असतो तुमच्याकडेच.

"गाठलंच त्यानं, तर उताराला पळायचं," तू सांगायचास. "कपाळावरचे केस डोळ्यांवर येतात त्येच्या. दिसत नाय मग त्याला."

"इथं उतार कुठाय?" मी एकदा विचारलं होतं. "हे सगळं तव्यासारखं सपाट. इथं तुझा मिगोई आला तर कुठे पळशील?"

तू जरा विचार केलास आणि म्हणालास, "मग बसून ऱ्हायचं. काय करनार?"

सगळे हसले. मी जिंकलो असं मला वाटलं. तुझ्याशी बोलताना मला नेहमी जिंकायचं असायचं. मी फोरमन होतो, तू माझ्या हाताखाली होतास, आणि तरी संध्याकाळी मेसमध्ये चाळीस माणसं तुझ्या बाकाभोवती जमायची. माझ्या बाकावर मी आणि आमटीचं पातेलं. हे मला खुपायचं. आता कबूल करायला काय हरकत आहे.

म्हणून तर मी तुला उघडं पाडलं. आठवतं ना? सांगलीकडचा एक माणूस तपासणीच्या कामासाठी चार दिवस आपल्या साइटवर आला होता. तोही भूतानला त्याच कामावर होता. मी त्याला चहा पाजून पाजून विचारलं. तो म्हणाला, "हसन कुठला तळ्यावर जातोय? बोगद्यातून बाहेर यायला सवड नव्हती त्याला. गोदामावर एक म्हातारा भूतानी पहारेकरी होता. त्याच्या शेगडीपाशी बसून हा ऐकत असायचा, एवढंच." त्याच संध्याकाळी मी ते मेसमध्ये सगळ्यांसमोर जाहीर केलं, तू भात कालवत असताना. ना त्सोमेन पाहिलीस, ना मिगोई, सगळा उधारीचा माल, असं म्हणालो. मला त्यात फार मजा आली, हसन. तुझे कान लाल झाले होते.

तू दोन घास खाल्लेस. मग म्हणालास, "ऐकनारा पन तिथंच बसलेला असतो ना, वसंता."

त्यानंतर आठवडाभर तू एकही गोष्ट सांगितली नाहीस. मेसमध्ये नुसता चमच्यांचा आवाज. शेवटी लोकच माझ्यावर उखडले. आठव्या दिवशी तू माझ्या खाटेवर येऊन बसलास आणि म्हणालास, "एक गोष्ट मातर मी ह्या डोळ्यांनी बघितलीय. मुखवट्यांची जत्रा." कसम खाल्लीस. तू खोटी कसम खात नसायचास, बाकी सगळं खोटं असायचं.

मुखवट्यांची ती जत्रा तू मला इतक्या वेळा सांगितलीस की मीच जाऊन आल्यासारखं वाटतं. झोंग म्हणजे त्यांचा किल्ला आणि मठ एकातच. त्याच्या फरसबंद अंगणात लामा मुखवटे घालून नाचतात. हरिणाचं तोंड, रानडुकराचं तोंड, कावळ्याचं, बैलाचं. हे सगळे तिथल्या यमाच्या दरबारातले नोकर. म्हातारी माणसं सकाळी सकाळी येऊन पुढची जागा धरतात आणि एकेक तोंड नीट निरखून बघतात. कारण मेल्यावर हीच तोंडं समोर येणार. ज्याने जिवंतपणी पाहून ठेवलीत तो घाबरत नाही. तो म्हणतो, तुला मी ओळखतो बाबा, तू आमच्या जत्रेतला. जो घाबरला तो पळतो, आणि पळाला की चुकीच्या जागी जन्माला येतो. मधून मधून तांबड्या तोंडाचा एक विदूषक फिरत असतो, अत्सारा. तो लामांच्या खोड्या काढतो, बायकांना वाह्यात बोलतो, कुणी रागावत नाही. आणि सगळ्यात शेवटी राक्षस येतो, थयथयाट करतो, गुडघ्यावर येतो, गळा धरतो आणि पडतो. तो पडला की लोक शिट्ट्या वाजवतात, टाळ्या पिटतात आणि सोडलेल्या शिदोऱ्या पुन्हा बांधतात.

"तू नमाजी माणूस," मी म्हणालो होतो. "तुला हे चालतं?"

"मी कुठं पूजा करतंय? आमचा हिशेब घेनारे फरिश्ते येगळे. पन भ्या सगळ्यांना सारखंच वाटतं ना?"

आई गेली तेव्हा मला जाता आलं नाही. कफील, म्हणजे आपला अरब मालक, गावाला गेलेला, पासपोर्ट त्याच्या कपाटात. डोकं भादरायला सुद्धा कुणी नव्हतं. तू तुझा वस्तरा उकळत्या पाण्यात धुतलास, बाथरूमबाहेर मला स्टुलावर बसवलंस आणि माझं डोकं केलंस. हात इतका हलका होता तुझा. कापत कापत सांगत होतास की भूतानच्या एका खोऱ्यात थंडीत करकोचे येतात, काळ्या मानेचे, आणि उतरताना मठाभोवती तीन घिरट्या घालतात, जातानाही तीन. "तुजी आई पन घराभवती फिरूनच गेली आसंल," म्हणालास. हेही तू पाहिलं नव्हतंस. मी त्या दिवशी विचारलं नाही, पाहिलंस की ऐकलंस. मी रडलो आणि तू केस झाडून गोळा केलेस. माझ्या सख्ख्या भावाने माझ्यासाठी इतकं केलेलं नाही. हे तुला कधी तरी सांगायला हवं होतं. मी त्याऐवजी तुला म्हणालो, कानामागे राहिलेत बघ.

मग लढाई आली. आकाशातून काय जातंय आणि कुठे पडणार कुणालाच कळत नव्हतं. भोंगा वाजला की धहरानच्या बाजूला आभाळ फुटल्यासारखं व्हायचं आणि बरॅकचे पत्रे थरथरायचे. दिवसा त्याच हातांनी पाइप चढवायचे, रिफायनरी तर चालू राहायला हवी. पहिल्या तीन दिवसांत अर्धी गँग तापाने पडली, ताप नसलेला ताप. गँगमधला सिकंदर उशीत तोंड खुपसून रडायचा आणि त्याला बघून बाकीचे. तेव्हा तू उठलास. आभाळ फुटलं की तू म्हणायचास, "द्रुकच्या पोटात गॅस झालाय," आणि चाळीस माणसांच्या तोंडून हसू फुटायचं. बंकरसाठी चर खणायचे होते तर तू म्हणालास, आधी नागाला विचारा. मग सगळ्यांनी, हिंदू काय नि मुसलमान काय, वाळूत चमचा चमचा ताक सांडलं आणि मुकाट्याने खणायला लागले. नंतर कुणीतरी तुला दटावलं, हे आपल्यात बसत नाही म्हणून. दुसऱ्या दिवशी तू ताकाचा पेला घेऊन चरापाशी गेलास, कान जमिनीला लावलास, उठलास आणि पेला स्वतः पिऊन टाकलास. "नाग बोलला, तूच पी," म्हणालास.

मुदीर, म्हणजे कॅम्पाचा मोठा साहेब, हे सगळं लांबून बघत होता. शेजारच्या कॅम्पातली माणसं रोज गेटवर जाऊन घरी जायची एक्झिट मागत होती, कामं ठप्प झाली होती. आमच्याकडे कुणी गेटवर गेलं नाही. पाचव्या दिवशी त्याने मला बोलावलं.

"दो आदमी जा सकता," तो म्हणाला. "नाम तुम लिखो. लेकिन वो स्टोरीवाला नहीं. वो गया तो सब गया." मग माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाला, "अगला लिस्ट में तुम."

मी आधीच खिशातल्या कागदावर लिहिलं होतं ना तुझं नाव. दोन दिवस आधी दुपारच्या असर नमाजनंतर तू माझ्याकडे आला होतास. पहिल्यांदाच काही मागायला. शर्टाच्या खिशातली गोळ्यांची बाटली दाखवलीस, जिभेखाली ठेवायच्या. म्हणालास, "मेडिकलमध्ये सांगितलं नाय, इकाम्याचा परवाना गेला आसता. पन भोंगा वाजला की हितं आवळतं, वसंता. मना घरी धाड." मी हो म्हणालो होतो. मुदीरच्या खोलीतून बाहेर आलो आणि जिन्यावरच तुझ्या नावावर रेघ मारली. तुझ्या जागी सिकंदरचं लिहिलं. रडणाऱ्याला घरी पाठवलं म्हणजे रडणं जाईल आणि हसवणारा राहील, असं सरळ गणित मी केलं. आणि त्यात माझी पुढची खेप पक्की झाली, हेही मला दिसत होतं. लपवत नाही.

तुला म्हणालो, ऑफिसातून नावं आली. तू फळ्यावरची यादी बघून आलास. खाटेवर बसून बूट काढलेस. "अक्षर तुजं हाय," एवढंच म्हणालास. मी म्हणालो, मी फक्त उतरवून घेतली. तू मान हलवलीस. त्याच संध्याकाळी सिकंदर सामान बांधत होता आणि तू त्याला मिगोईची नक्कल करून हसवत होतास, उलटी पावलं टाकत दारापर्यंत. मला वाटलं, चला, याने मनावर घेतलं नाही. माणसाला स्वतःच्या सोयीचं काहीही वाटू शकतं.

मग मास्क आले. गॅसच्या हल्ल्यासाठी रबराचे, काचेचे गोल डोळे, पुढे तोंडाला लोंबणारा पत्र्याचा डबा. खोक्यांतून काढून मेसच्या टेबलांवर ठेवले तर माणसं मागे सरकली. कुणी तोंडाला लावायला तयार होईना. एकाने लावला, त्याला बघून दुसऱ्याला ओकारी आली. त्यांना गॅसची भीती होती त्याहून जास्त त्या तोंडाची. मुदीर म्हणाला, शुक्रवारपर्यंत सगळ्यांना शिकव, यल्ला. मी काय शिकवणार? मला मास्कसोबत आलेल्या कागदावरची चित्रं तेवढी कळत होती. मी तुझ्याकडे आलो.

"तुझी जत्रा लाव," मी म्हणालो.

मला वाटलं, नाही म्हणशील. तुला तो हक्क होता. पण तू म्हणालास, "बरं."

शुक्रवारी जुम्मा झाला, जेवणं झाली आणि मेसमधली टेबलं बाजूला सारली. तुझ्या कमरेला पलंगाची चादर, पायात कामाचे बूट. कुणी तेलाचा रिकामा डबा वाजवायला घेतला. तू आधी सगळ्यांना खाली बसवलंस आणि म्हणालास, "नीट बघून घ्या ही तोंडं. ह्यातलं एक सिकंदरचं आसतं, पन तो पळाला. ह्यातलं एक माजं, एक तुजं. कवा अंधारात समोर आली तर म्हना, अरे हा तर आपला पांडुरंग, हा आपला मजीद. भ्यायचं नाय." मग तू मास्क चढवलास. भूतानचे लामा डोक्याला कापड गुंडाळून त्यावर मुखवटा बांधतात म्हणजे नाचताना निसटत नाही, तसंच तुला हवं होतं. अरबी लोकांचा तांबड्या चौकडीचा रुमाल तू पट्ट्यांवरून डोक्याला आणि हनुवटीखालून गुंडाळलास आणि पाठ माझ्याकडे केलीस. आतून आवाज आला, "घट बांद."

मी बांधला. गाठ मारताना गुडघा तुझ्या पाठीला लावून ओढला, गंमत म्हणून. लोक हसले.

मास्कच्या डब्याच्या तोंडाशी एक तांबडं बूच होतं, हसन. मास्क लावण्याआधी ते काढायचं असतं, नाहीतर आत हवा येत नाही. कागदावरचं पहिलंच चित्र त्याचं होतं.

पहिल्या फेरीला तू हरीण झालास. दुसऱ्या फेरीला अत्सारा. दाढीमुळे कडेने थोडी हवा आत जात असणार, म्हणून इतकं तरी जमलं. आतून तुझं घुमणं ऐकू येत होतं, माणसं पोट धरून हसत होती. इतकं आठ दिवसांत प्रथमच. दोघाचौघांनी बसल्या बसल्या आपापले मास्क हातात घेतले, एकाने तोंडाला लावून शेजाऱ्याला भेडसावलं. मुदीर दारात येऊन उभा राहिला आणि तोही टाळ्या वाजवायला लागला. तिसऱ्या फेरीला तुझा तोल गेला. तू हात गळ्याकडे नेलेस. रुमाल ओढायला लागलास. गुडघ्यावर आलास. आणि आमच्यातल्या प्रत्येकाला पुढचं पाठ होतं, तूच पाठ करून घेतलं होतंस. राक्षस गुडघ्यावर येतो, गळा धरतो, पडतो. शिट्ट्या सुरू झाल्या. डबा जोरात वाजायला लागला. तू पडलास तेव्हा अख्खी मेस उठून टाळ्या पिटत होती.

तू पुन्हा उठला नाहीस तेव्हाही आम्ही म्हणालो, काय सोंग करतोय बघा. गाठ सुटेना. आचाऱ्याने कांदा चिरायची सुरी आणली, तिने कापली. तुझा चेहरा मी कुणाला सांगणार नाही.

कागदावर हृदयविकार लागला. ते खोटंही नाही, डॉक्टरला तुझ्या खिशात गोळ्या सापडल्या. घरी जाणाऱ्यांच्या विमानात पेटी घेत नव्हते, तुला गावी न्यायचा प्रश्नच नव्हता. तुझ्यावर इथल्याच वाळूत माती पडली. मी हिंदू, मला कब्रस्तानाच्या आत जाता आलं नाही, मी भिंतीबाहेर उभा होतो. मजीद परत आला तेव्हा मी विचारलं, खूण काही ठेवली का, तर म्हणाला, इथं नाव लावत नाहीत. सहा वर्षं तुझ्या घोरण्याला शिव्या दिल्या आणि त्या दिवशी खोलीतला आवाज ऐकायला कान लावून बसलो होतो.

तुझ्या गावातल्या दुकानात फोन लागला. भाभींना बोलावून आणलं. मी अर्धं बोललो. त्यांनीच विचारलं, "त्यांना तरास झाला काय हो?" मी म्हणालो, नाही भाभी, हसता हसता गेला, सगळ्यांना हसवत होता. मग म्हणाल्या, "पत्र आलंय त्यांचं कालच. लिवलंय, वसंता माजी रजा करून देनार हाय, काळजी करू नको. तुमी लई केलंत त्यांच्यासाठी." फोनचा वेळ संपला. मी धन्यवादसुद्धा न म्हणता ठेवून दिला.

पुढच्या यादीत माझं नाव आलं आहे. मुदीर शब्दाला पक्का निघाला. आठवड्याभरात मी गावी असेन आणि भाभींच्या दारात मला जावं लागेल. त्या पाणी देतील. मी ते कसं पिणार हे मला कळत नाही.

आता उरलेलं सांगतो, ज्यासाठी हे सगळं लिहिलं. बाकी सगळ्यांना फसायचा हक्क होता. त्यांनी तो कागद पाहिला नव्हता. त्यांना नाच तेवढा माहीत होता. तिसऱ्या फेरीला तू वळून माझ्यासमोर आलास, हाताच्या अंतरावर, आणि मला ते बूच दिसलं. तांबडं, जागच्या जागी. तुझे काचेमागचे डोळेही दिसले. ते मलाच शोधत होते, हसन. आणि मी बसून राहिलो. किती वेळ, ते सांगता येत नाही, चार श्वास असतील, पाच असतील, माझे. माझ्या डोक्यात आलं, एवढे हसतायत, मुदीर दारात उभा आहे, आत्ता उठलो तर सगळा खेळ मोडेल, आणि त्या तोंडाची भीती पुन्हा बसेल ती कायमची. तो काढेल स्वतः. आणखी एक फेरी होऊ दे. मी तुझ्या नावावर रेघ मारली होती तेव्हाही हेच म्हणालो होतो, आणखी थोडे दिवस होऊ दे. तुझ्या जिवावर मला सगळं आणखी थोडं हवं होतं.

तू माझ्यावर चिडला असतास, शिव्या दिल्या असत्यास, तर आपण मारामारी करून मोकळे झालो असतो. तू बरं म्हणालास आणि नाचायला उभा राहिलास. मी तुझा राग करतो, हसन. इतक्या चांगल्या माणसाबरोबर काय करायचं असतं हे मला कुणी शिकवलं नव्हतं.

काल रियाधहून, अल सुलैच्या यार्डातून, तीस माणसं आमच्याकडे आली. त्यांना मास्क शिकवायचं काम माझ्याकडेच आहे. मी त्यांना मेसमध्ये रांगेत बसवलं, एकेकाच्या हातात मास्क दिला आणि म्हणालो, आधी हे तांबडं बूच काढायचं, मग तोंडाला लावायचा. आमचा एक माणूस बूच काढायला विसरला आणि सगळ्यांदेखत गुदमरून गेला. तुम्ही तसा वेडेपणा करू नका. तीसही जणांनी लगेच बुचं काढली. नव्या येणाऱ्या प्रत्येकाला असंच सांगतो मी, आणि ते ऐकून कुणी चुकत नाही.

त्यांच्यात खेडकडचा एक रंगारी होता, केस पिकलेला. तो मास्क हातात धरून तसाच बसला होता.

"पन फोरमनसाहेब," तो म्हणाला, "त्याच्याजवळ कुनीच नव्हतं काय, ते बूच बघायला?"

मी म्हटलं, नाही.